डायलिसिसची मानेतली नळी: बिघाड कसा ओळखायचा, कुठे काय करायचं

किडन्या अचानक थकतात तेव्हा हातावर फिस्टुला (डायलिसिसच्या सुया टोचण्यासाठी ऑपरेशनने तयार केलेली मोठी शीर) तयार नसतो. मग मानेतल्या, क्वचित मांडीतल्या मोठ्या शिरेत नळी टाकून त्याच दिवशी डायलिसिस सुरू होतं. घरी जाताना हातात गोळ्यांची यादी असते, पथ्याचा कागद असतो. पण गळ्याशी लोंबणाऱ्या लाल-निळ्या टोकांबद्दल 'ओलं करू नका' यापलीकडे फारसं कोणी सांगत नाही. वास्तविक त्या नळीचं आतलं टोक हृदयाच्या तोंडाशी असतं. तिच्यातून आत गेलेला जंतू, हवा किंवा गुठळी यांना अडवायला मध्ये काहीच नसतं. हा लेख पेशंटसाठी आणि त्याच्यासोबत येणाऱ्या माणसासाठी आहे. औषध कोणतं आणि किती, हे किडनीच्या डॉक्टरांनीच ठरवायचं. ते वेळेत ठरावं म्हणून तुमच्या बाजूने काय करायचं, ते इथे लिहिलं आहे.

१. तुमची नळी कोणती, ते आधी वहीत लिहा

नळ्या दोन प्रकारच्या. तात्पुरती नळी कातडीतून सरळ शिरेत जाते आणि टाक्यांवर टिकते. मानेतली असेल तर साधारण दोन आठवडे ही तिची मुदत समजा. मांडीतली त्याहून कमी, काही दिवसांचीच. तिला चालणं-बसणं मानवत नाही, जांघेत घाम आणि मळ असतो, आणि पायातल्या शिरेत गुठळी होण्याची भीतीही असते. दुसरी परमकॅथ. ही छातीच्या कातडीखालून चार बोटं बोगद्यातून जाते आणि मग मानेतल्या शिरेत शिरते. बोगद्यात तिच्यावर फेल्टसारखी पांढरी कडी असते, तिला कफ म्हणतात. तीन-चार आठवड्यांत मांस त्या कडीत रुजतं आणि नळी घट्ट बसते. तोवर ती फक्त टाक्यांवर असते, म्हणून पहिला महिना ओढाताणीला सगळ्यात नाजूक. परमकॅथ काही महिने चालते. नावात 'परमनंट' असलं तरी ती कायमची नाही.

एक शंभर पानी वही घ्या. पहिल्या पानावर हे लिहा, आणि नळी टाकणाऱ्या डॉक्टरांकडून किंवा टेक्निशियनकडून तपासून घ्या:

- नळी टाकल्याची तारीख, प्रकार, बाजू (उजवी मान, डावी मान, मांडी)
- लांबी. परमकॅथ उजव्या मानेत असेल तर टोकापासून कफपर्यंत बहुधा १९ सेंमी, डावीकडे २३ किंवा त्याहून जास्त
- लाल आणि निळ्या फाट्यावर छापलेले मिलीचे आकडे, उदाहरणार्थ १.६ आणि १.७
- लॉक (नळीत रक्त गोठू नये म्हणून भरून ठेवतात ते औषध) कशाचं भरतात: हेपॅरिन असेल तर एका मिलीत किती युनिट, की सायट्रेट
- कातडीबाहेर नळी किती सेंमी दिसते
- कोणत्या औषधाची ॲलर्जी आहे

फाट्यावरच्या आकड्याला लोक हसण्यावारी नेतात, म्हणून थोडं खुलासा करून. डायलिसिस संपल्यावर नळीत रक्त गोठू नये म्हणून तेवढंच लॉक भरायचं असतं. ५,००० युनिटचं हेपॅरिन १.६ मिली भरलं की एका फाट्यात ८,००० युनिट बसतात, दोन्हीत मिळून सुमारे १६,०००. पुढच्या वेळी मशीनला जोडण्याआधी हे लॉक, प्रत्येक फाट्यातून ३ ते ५ मिली, बाहेर ओढून फेकतात. ते न काढता कोणी नळीला सलाईन लावलं तर सगळं हेपॅरिन एका दमात रक्तात जातं आणि पेशंटला कुठूनही रक्तस्राव होऊ शकतो. म्हणून वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात लिहा: ही नळी फक्त डायलिसिससाठी. रक्त काढायला, सलाईनला, इंजेक्शनला नाही. तालुक्याच्या दवाखान्यात शीर सापडत नसली की 'इथे आयती नळी आहेच' असा मोह होतो. तिथे नम्रपणे पण ठाम नाही म्हणा.

२. सोबत ठेवायचं सामान आणि कागद

पेशंट घराबाहेर पडला की एक छोटी पिशवी बरोबर हवी. तीत निर्जंतुक गॉजची दोन-तीन बंद पाकिटं, मायक्रोपोर टेप, दोन मास्क, डिजिटल थर्मामीटर, आणि टेक्निशियनकडून मागून घेतलेले दोन प्लास्टिकचे क्लॅम्प, म्हणजे नळी दाबून बंद करायचे चिमटे. क्लॅम्पचा उपयोग आठव्या मुद्द्यात आहे.

कागदांची पिशवी वेगळी: वही, डिस्चार्ज कार्ड, नळी टाकल्यानंतरचा छातीचा एक्स-रे, मागचे कल्चर (रक्तात किंवा पुवात कोणता जंतू उगवतो ते बघायची तपासणी) रिपोर्ट, हिपॅटायटिस बी, सी आणि एचआयव्हीचे ताजे रिपोर्ट (दुसऱ्या युनिटमध्ये डायलिसिस करायची वेळ आली तर आधी हेच मागतात), आधार कार्ड आणि रेशन कार्ड. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत डायलिसिस करत असाल तर तिथल्या आरोग्यमित्राला एक प्रश्न आजच विचारून ठेवा: नळी बदलावी लागली किंवा नळीच्या जंतुसंसर्गासाठी भरती व्हावं लागलं तर ते योजनेत कसं बसतं आणि मंजुरीला काय लागतं? ताप चढलेला असताना ही चौकशी होत नाही.

नळी टाकणारे डॉक्टर आणि डायलिसिसचं युनिट पुष्कळदा वेगवेगळ्या गावी असतात. नवापूर-नंदुरबारकडची माणसं सुरत गाठतात, धुळ्याकडची नाशिक. अशा वेळी दोन्हीकडचे फोन नंबर वहीत हवेत आणि रात्री कोण फोन उचलतं तेही विचारलेलं हवं.

३. घरची राखण

ड्रेसिंग घरी उघडायचं नाही. गॉजचं असेल तर ते दर डायलिसिसला बदलतात. पारदर्शक फिल्मचं असेल तर सात दिवसांपर्यंत चालतं. पण ओलं झालं, कडा सुटल्या, रक्त किंवा पू दिसला, तर वार न बघता त्याच दिवशी बदलायचं. जळगाव-भुसावळकडे मे महिन्यात पारा पंचेचाळिशीला टेकतो, तेव्हा फिल्मखाली घाम साचतो आणि सकाळी चिकटवलेली फिल्म संध्याकाळी सुटते. उन्हाळ्यात गॉजचं ड्रेसिंग मागून घेणं बरं. दुपारी बाराच्या उन्हात मोटारसायकलवर मागे बसून येण्यापेक्षा पहिली शिफ्ट मिळते का ते पाहा.

आंघोळ कमरेपासून खाली पाण्याने, वर ओल्या कपड्याने पुसून. डोकं धुवायचं तर पेशंटला मागे रेलून बसवा आणि दुसऱ्याने धुवा. पाणी पुढे येता कामा नये. तापीत बुडी नाही, मग ते चांगदेवला असो की प्रकाशाला. यात्रेला गेलात तर तीर्थ पायावर घ्या. डोक्याला तेल, मानेला पावडर, कपाळाचा अंगारा गळ्याला, यातलं काहीही नळीजवळ नको. हळद आणि बिब्बा तर मुळीच नको. कोणतंही मलम डॉक्टरांनी नाव सांगितल्याशिवाय लावू नका. काही मलमांच्या तेलकट पायामुळे नळीचं प्लास्टिक हळूहळू कमकुवत होतं.

ओढ बसेल अशी कामं गावात पुष्कळ असतात आणि ती कोणी धोक्याची समजत नाही. केळीचा घड खांद्यावर घेणं, कापूस वेचताना गळ्यात झोळी अडकवणं, डोक्यावर गवताचा भारा, आखाजीचा झोका, मांडीवर घेतलेल्या नातवाने रंगीत टोकं धरणं. मंगळसूत्र आणि गळ्यातले दोरे नळीच्या बाजूने फिरू देऊ नका. शर्ट किंवा ब्लाउज पुढून बटणाचा हवा, म्हणजे डायलिसिसला तो डोक्यावरून ओढून काढावा लागत नाही. दाढी करताना वस्तरा नळीच्या बाजूला नको. घरी ड्रेसिंगची टेप कापायलाही कात्री वापरू नका. कात्रीने नळी कापली जाण्याचा प्रकार ऐकायला मूर्खपणाचा वाटतो, पण तो घडतो.

४. जोडताना आणि सोडताना काय बघायचं

जंतू आत शिरण्याची मुख्य वेळ म्हणजे झाकण उघडल्यापासून नळी मशीनला जोडेपर्यंतचा अर्धा-एक मिनिट. या वेळी टेक्निशियन आणि पेशंट दोघांच्याही तोंडावर मास्क हवा आणि पेशंटने मान दुसरीकडे वळवायची. हात धुऊन ग्लोव्ह. दोन्ही क्लॅम्प बंद आहेत याची खात्री झाल्यावरच झाकण काढायचं. उघडं टोक क्लोरहेक्झिडिन-स्पिरिटच्या स्वॅबने किमान १५ सेकंद घासायचं आणि वाळू द्यायचं. काढलेलं झाकण परत लावायचं नाही, दर वेळी नवं. पंखा थेट अंगावर असेल तर तेवढ्यापुरता बंद करायला सांगा.

नातेवाइकांना वाटतं, आपण टोकलं तर स्टाफ नाराज होईल. 'दादा, मास्क लावतो का मी पण?' असं स्वतःपासून सुरू केलं की बहुतेक जण हसून आपलाही मास्क वर ओढतात.

दर डायलिसिसला वहीत एक ओळ: तारीख, आधीचा आणि नंतरचा ताप, वजन, पंपाचा स्पीड, आर्टरियल प्रेशर, व्हीनस प्रेशर, नळी बाहेर किती दिसते, उलटी (लाल-निळ्याची अदलाबदल करून) जोडली होती का. आकडे मशीनच्या स्क्रीनवर असतात. समजत नसतील तरी उतरवा. बिघाड एका दिवसात होत नाही. ३०० चा स्पीड २८०, मग २५०, मग २२० झाला, हे वहीत सलग दिसलं की डॉक्टरांना अर्धं निदान तिथेच होतं.

५. हिव भरून आलं तर

या लेखातला एकच भाग वाचायचा असेल तर हा वाचा.

नळी असलेल्या पेशंटला हुडहुडी भरली, विशेषतः डायलिसिस सुरू झाल्यावर अर्ध्या-एक तासात, तर दुसरं कारण सिद्ध होईपर्यंत तो नळीचा जंतुसंसर्ग धरायचा. नळीच्या आतल्या भिंतीवर जंतूंचा बुळबुळीत थर जमतो. पंप सुरू झाला की रक्ताच्या वेगाने त्या थराचे कण सुटून रक्तात जातात, आणि म्हणून हिव नेमकं मशीनवर असताना येतं. घरी आल्यावर दोन तासांनी माणूस ठीक दिसतो. दुसऱ्या दिवशी शेतातही जाऊन येतो. परवा पुन्हा मशीनवर थरथरतो. हा खेळ आठवडाभर चालला की जंतू हृदयाच्या झडपेवर किंवा मणक्यात घर करू शकतात.

आपल्याकडे याची दोन-तीन हमखास फसगतीची ठिकाणं आहेत. पहिलं म्हणजे 'काही नही, जरा थंडी वाजस' म्हणून घोंगडी पांघरायची आणि गप्प बसायचं. दुसरं, हिव म्हटलं की गावात आधी हिवताप आणि टायफॉइड आठवतो. तपासणी करायला हरकत नाही, पावसाळ्यात तर करावीच; पण विडालच्या एका रिपोर्टवर टायफॉइड ठरवून चार दिवस इंजेक्शनं घेतली की नळीतला जंतू अर्धवट दबतो आणि नंतर कल्चरमध्ये उगवतच नाही. तिसरं फार सोयीचं आहे: डायलिसिसला निघताना पॅरासिटामॉल घेऊन जाणं. ताप दिसत नाही, डायलिसिस 'नीट' होतं आणि आजार झाकला जातो. गोळी घेतली असेल तर निदान किती वाजता घेतली ते सांगा.

डायलिसिसच्या पेशंटला ताप कमीच चढतो, हेही लक्षात ठेवा. १००.४ फॅरनहाइटची वाट बघू नका. नुसतं हिव, नेहमीपेक्षा खाली आलेला बीपी, म्हाताऱ्या माणसाचं असंबद्ध बोलणं, उलट्या, यातलं काही नवं दिसलं तरी तेवढं पुरे.

मग क्रमाने हे व्हायला हवं:

पहिलं, मशीनवर असाल तर लगेच टेक्निशियनला सांगा आणि ताप, बीपी वहीत लिहून घ्या. त्याच शिफ्टमध्ये आणखी दोघा-तिघांना हिव भरलं असेल तर तेही कळवा. मग संशय आरओच्या पाण्यावर किंवा धुऊन पुन्हा वापरलेल्या डायलायझरवरही (मशीनवरच्या रक्त गाळणाऱ्या नळकांड्यावर) जातो. तरी तुमचं कल्चर टळत नाही.

दुसरं, अँटिबायोटिकचा पहिला थेंब जाण्याआधी ब्लड कल्चर. दोन सेट हवेत: एक नळीतून किंवा मशीनच्या लाइनमधून, दुसरा हाताच्या शिरेतून. शीर हाताच्या पंजाच्या पाठीवरची घ्या, मनगटाच्या वरची नको. ती फिस्टुलासाठी राखायची आहे. हाताची शीर मिळतच नसेल तर दोन्ही सेट लाइनमधून घेतले तरी चालतात. मोठ्या माणसाच्या प्रत्येक बाटलीत ८ ते १० मिली रक्त लागतं. दोन मिली टाकून पाठवलेली बाटली जंतू असूनही 'नो ग्रोथ' देऊ शकते. बाटलीवर 'नळी' आणि 'हात' असं वेगळं लिहायला सांगा.

तिसरं, बाटली फ्रिजमध्ये ठेवायची नाही आणि उन्हात तापलेल्या गाडीच्या डिकीतही नाही. साध्या खोलीच्या तापमानात, शक्य तर दोन-चार तासांत लॅबमध्ये पोचवा. तालुक्याहून जळगावला किंवा धुळ्याला कोणी घेऊन जाणार असेल तर पिशवी त्याच्या मांडीवर हवी, एसटीच्या टपावर नाही.

चौथं, कल्चर झालं की अँटिबायोटिक लगेच, रिपोर्टसाठी थांबायचं नाही. रिपोर्टचा पहिला अंदाज एक-दोन दिवसांत येतो, पूर्ण 'काही उगवलं नाही' म्हणायला साधारण पाच दिवस लागतात. सुरुवातीला स्टॅफ जंतूवर चालणारं, बहुधा व्हँकोमायसिन, आणि त्याच्या जोडीला दुसऱ्या गटाच्या जंतूंवरचं एक औषध देतात. रिपोर्ट आला की त्यातलं नको ते बंद करतात. व्हँकोमायसिन सावकाश, तासभर लावून द्यायचं असतं. भरभर सोडलं तर अंग लाल होऊन खाज सुटते आणि बीपी पडतो. अमिकासिन-जेंटामायसिनसारखी औषधं पुन:पुन्हा दिली तर कान जाऊ शकतात, तेव्हा कानात गुणगुण किंवा तोल जाणं सुरू झालं तर त्याच दिवशी सांगा. या औषधांचे डोस डायलिसिसच्या वेळेशी बांधलेले असतात. गावातल्या दवाखान्यात 'रोज सकाळ-संध्याकाळ' पद्धतीने ती घेऊ नका.

पाचवं, त्या दिवशी घरी जायचं नाही. डायलिसिसवरून उतरल्यावर धडगाव-अक्कलकुव्याच्या पाड्यावर पोचायला संध्याकाळ होते. वाटेत बीपी पडला तर कोण बघणार? निदान एक रात्र भरती किंवा जवळच्या नातेवाइकाकडे मुक्काम.

नळी ठेवायची की काढायची, हा डॉक्टरांचा निर्णय. पण त्याचे नियम तुम्हाला ठाऊक असलेले बरे, म्हणजे 'नवी नळी टाकायचा खर्च कशाला' असा आग्रह तुमच्याकडून होणार नाही. तात्पुरती नळी असेल तर काढायचीच. परमकॅथ असेल तरी बीपी कोसळला असेल, बोगद्यात पू असेल, अँटिबायोटिक सुरू करून ७२ तास झाले तरी ताप उतरत नसेल, किंवा कल्चरमध्ये स्टॅफिलोकोकस ऑरियस, सुडोमोनास किंवा बुरशी आली असेल तर ती काढतात. बाकी साध्या जंतूंमध्ये ताप दोन-तीन दिवसांत उतरला तर त्याच वाटेने, आत बारीक तार सोडून तिच्यावरून, नळी बदलता येते, किंवा नळी ठेवून तिच्यात अँटिबायोटिकचं लॉक भरतात.

औषधाचा कोर्स बहुधा दोन ते तीन आठवड्यांचा. स्टॅफ ऑरियस असेल तर हृदयाची इको व्हायला हवी. झडपेवर बसला असेल तर सहा आठवड्यांपर्यंत, मणक्यात किंवा हाडात असेल तर सहा ते आठ आठवडे. ताप तिसऱ्या दिवशी जातो आणि उरलेली इंजेक्शनं चुकवली जातात, हा आपला नेहमीचा घोटाळा. नळी ठेवून उपचार केले असतील तर कोर्स संपल्यावर आठवड्याने पुन्हा कल्चर करून घ्या. आणि महिन्या-दोन महिन्यांनी नव्याने पाठ दुखायला लागली, रात्री झोपू देत नसेल, तर मालिश आणि झंडू-बिंडू न करता नळीच्या तापाची जुनी हकीकत डॉक्टरांना सांगा. मणक्यातला संसर्ग असाच उशिरा तोंड वर काढतो.

६. नळीच्या तोंडाशी लाली किंवा पू

नळी कातडीतून बाहेर येते तिथे लाली, टणकपणा, पू, पण ताप नाही: हा तोंडाचा संसर्ग. पुवाचा स्वॅब कल्चरला पाठवून एक-दोन आठवडे औषधाने बहुतेक वेळा बरा होतो. हीच लाली आणि दुखणं तोंडापासून दोन सेंमीपेक्षा जास्त वर, बोगद्यावर सरकलं तर मात्र प्रकरण वेगळं. तिथे गोळ्यांनी भागत नाही, नळी काढावी लागते. टेक्निशियनला दर वेळी बोगद्यावरून बोट दाबत न्यायला सांगा. पू असेल तर तोंडातून बाहेर येतो.

पांढरी कडी, म्हणजे कफ, बाहेर दिसू लागली तर ती आत ढकलू नका आणि डायलिसिसही पुढे रेटू नका. टेपने जशी आहे तशी बांधून ठेवा आणि नळी टाकणाऱ्या डॉक्टरांना दाखवा. आत ढकलली तर बाहेरचे जंतू आत आणि नळीचं टोक भलतीकडे.

७. फ्लो मिळत नाही, मशीन सारखं ओरडतं

चालत्या परमकॅथमधून मिनिटाला ३०० मिलीच्या आसपास रक्त मिळायला हवं. पंप तेवढा चालत नाही किंवा आर्टरियल प्रेशर उणे २५० च्याही खाली जातं, याचा अर्थ नळी रक्त ओढू शकत नाही.

नळी टाकल्यापासून पहिल्या आठवड्यातच त्रास असेल तर दोष बसवण्यात: मानेतल्या वळणावर मुरड, टोक वर राहिलेलं, टाका जास्त आवळलेला. छातीचा एक्स-रे बसून किंवा उभं राहून काढा. झोपून टोक बरोबर दिसतं आणि उठून बसलं की छातीची कातडी खाली ओघळते, नळी दोन-तीन सेंमी वर सरकते. जाड बांध्याच्या बाईमाणसात हे जास्त. महिने उलटल्यावर फ्लो उतरत गेला तर आत गुठळी किंवा टोकाभोवती चढलेलं जाळीसारखं आवरण.

टेक्निशियनने आधी करायच्या साध्या गोष्टी: क्लॅम्प आणि लाइन कुठे मुडपली आहे का, पेशंटला कूस बदलायला, मान वळवायला, खोकायला सांगणं, बीपी बघणं. पाणी जास्त काढून पेशंट कोरडा झाला असेल तर शिरेची भिंतच नळीला चिकटते. थोडं सलाईन दिल्यावर फ्लो सुटतो. रक्त ओढून येत नसताना सलाईनची सिरिंज जोर लावून आत मारायची नाही. गुठळी आत जाईल.

मग बहुतेक ठिकाणी लाल-निळं उलटं जोडतात. त्या दिवसाचं काम भागतं, पण स्वच्छ झालेलं रक्त पुन्हा मशीनमध्ये फिरतं आणि चार तास बसूनही सफाई कमी होते. सलग तीन वेळा उलटं जोडलं असेल तर त्याला उपाय म्हणू नका. पुढची पायरी म्हणजे गुठळी विरघळवणारं औषध, अल्टेप्लेज किंवा युरोकायनेज, फाट्यात भरून अर्धा ते एक तास ठेवणं. तेवढ्याने नाही झालं तर तारेवरून नळी बदलणं. तोवर कमी फ्लोवर चालवायचंच असेल तर डायलिसिसचा वेळ वाढवून मागा, आणि यूरियाचे आधीचे-नंतरचे आकडे काढून सफाई किती होते ते बघा.

८. नळी निसटली, चिरली, झाकण पडलं

झाकण पडलं आणि क्लॅम्प बंद आहे: पडलेलं झाकण लावू नका. टोकाभोवती निर्जंतुक गॉज गुंडाळा, टेप लावा, युनिट गाठा.

क्लॅम्प उघडा आहे किंवा नळी चिरली आहे: चीर आणि शरीर यांच्यामध्ये, म्हणजे अंगाच्या बाजूला, पिशवीतला क्लॅम्प लावा. तो नसेल तर नळी दुमडून बोटांनी आवळून धरा आणि युनिट गाठेपर्यंत सोडू नका. इथे रक्त जाण्याइतकीच हवा आत जाण्याची भीती असते. अचानक धाप, छातीत दुखणं, खोकला, चक्कर आली तर पेशंटला डाव्या कुशीवर, डोकं खाली आणि पाय उंच करून निजवा, १०८ ला फोन करा, 'हवा गेली असेल, ऑक्सिजन लागेल' असं सांगा.

नळी पूर्ण बाहेर आली: पेशंटला आडवं करा. गॉजने छिद्रावर घट्ट दाबा. परमकॅथ असेल तर दुसऱ्या हाताने मानेच्या बुडाशी, गळपट्टीच्या हाडाच्या जरा वर, जिथे नळी शिरेत शिरत होती तिथेही दाबा. रक्त तिथून येत असतं. पंधरा मिनिटं घड्याळ लावून. मध्ये उचलून बघायचं नाही. वर हवाबंद पट्टी. अर्धवट बाहेर आलेली नळी परत आत सरकवायची नाही. बाहेर आलेली नळी फेकू नका, पिशवीत घालून सोबत न्या. तिचं टोक शाबूत आहे का ते डॉक्टरांना बघायचं असतं.

९. हात किंवा चेहरा सुजला

नळीच्या बाजूचा हात, मान, सकाळी उठल्यावर चेहरा सुजतो, छातीवर निळ्या शिरा उमटतात: छातीतली मोठी शीर अरुंद होत असल्याची ही खूण. पाणी जास्त झालं म्हणून नुसतं वजन कमी करत बसू नका. पाण्याची सूज दोन्ही बाजूंना सारखी येते, ही बहुधा एका बाजूला जास्त असते. गळपट्टीच्या हाडाखालच्या शिरेत टाकलेल्या नळीने हे जास्त होतं, म्हणून ती जागा शक्यतो टाळतात. अशी नळी पूर्वी कधी टाकली असेल तर त्या बाजूच्या हाताला फिस्टुला करण्याआधी सर्जनला ते जरूर सांगा, नाहीतर फिस्टुला सुरू होताच हात फुगतो.

१०. फिस्टुला, आणि नळी काढण्याचा दिवस

नळी टाकली त्याच आठवड्यात फिस्टुलाची तारीख विचारा. ऑपरेशननंतर तो सुईसाठी तयार व्हायला दीड ते तीन महिने लागतात. 'जरा ताकद येऊ द्या, मग करू' म्हणत जाणारे महिने सगळे नळीच्या जोखमीत जातात. ज्या हाताला करायचा आहे, त्या हाताला बीपी नाही, सुई नाही, सलाईन नाही. त्या मनगटावर स्केच पेनने 'सुई नको' लिहून दवाखान्यात गेलात तरी कोणी हसणार नाही. फिस्टुलावर दोन सुयांनी सलग काही डायलिसिस नीट झाल्यावरच नळी काढायची. आणि तसं झालं की 'असू द्या अडीअडचणीला' म्हणून ठेवायचीही नाही.

काढताना पेशंट आडवा, डोकं उंच नाही. नळी बाहेर येतानाच्या क्षणी खोल श्वास घ्यायचा नाही. श्वास सोडत राहायचा किंवा रोखून धरायचा, डॉक्टर सांगतील तसा. नंतर किमान दहा मिनिटं दाब, वर मलम लावलेली हवाबंद पट्टी, आणि अर्धा तास उठायचं नाही. पट्टी चोवीस तासांनी काढा. त्या रात्री उशी ओली झाली का, हे घरच्यांनी एकदा दिवा लावून बघायचं.